मीटर 97 दाखवतंय, मग पोरगं का थकतंय?

शहादा तालुक्यातून एका ताईंचं चार पानी पत्र आलंय. नाव-गाव छापू नका म्हणाल्या, म्हणून नाही देत. पत्र थोडं आवरून खाली देते आणि मग उत्तर, कारण हाच प्रश्न मला वेगवेगळ्या घरांतून वर्षानुवर्षं ऐकायला मिळालाय.

"सिस्टर, माझा मोठा मुलगा 14 वर्षांचा, नववीत, आश्रमशाळेत राहतो. त्याला सिकलसेल आहे, रिपोर्टवर एसएस लिहिलंय. होळीला घरी आला, रात्रभर ढोलावर नाचला आणि तिसऱ्या दिवशी हातपाय-पाठ असं दुखायला लागलं की ॲडमिट करावं लागलं. आता दोन महिने झाले, उजव्या खुब्यात दुखतं, लंगडत चालतो. रात्री अंथरुणात लघवी होते, होस्टेलची पोरं चिडवतात म्हणून संध्याकाळनंतर पाणीच पीत नाही. सर म्हणतात आळशी आहे, दोन जिने चढला की बसतो. दवाखान्यात एक जण म्हणतो हाडाच्या डॉक्टरला दाखवा, दुसरा म्हणतो किडनी तपासा, तिसरा म्हणतो डोळे. एका पोराला किती आजार असतात हो? हिमोग्लोबिन 7 आहे. पण बोटाला मशीन लावलं की ऑक्सिजन दर वेळी 97. मग शरीराला ऑक्सिजन कमी पडतो म्हणतात ते कसं काय? घरी सासऱ्यांना ऑक्सिजनचं मशीन आहे, बिडीने छाती गेली त्यांची, मशीन काढलं की 86 वर येतात, हिमोग्लोबिन मात्र साडेसतरा. ते मशीन पोराला थोडा वेळ लावू का? सासूबाई म्हणतात हे तुझ्या माहेरचं रक्त आहे. मी कोणाला विचारू?"

ताई, एका पोराला किती आजार म्हणता, तर एकच, सिकलसेल, म्हणजे आईबापाकडून आलेला लाल पेशींचा आजार. खुबा, लघवी, दम, डोळे ही सगळी त्याच एका आजाराची तक्रार आहे, प्रत्येक अवयव आपापल्या भाषेत सांगतोय की माझ्यापर्यंत ऑक्सिजन नीट पोचत नाहीये. हे एकदा डोक्यात बसलं ना की ते वेगवेगळे डॉक्टर, वेगवेगळे कागद बघून जीव घाबरा होणार नाही.

आता ते 97. बोटाला लावायचं मशीन फक्त एवढंच बघतं की रक्तात जेवढं हिमोग्लोबिन आहे त्यातलं किती ऑक्सिजनने भरलंय. तुमच्याकडे केळी आहे म्हणून केळीचंच सांगते. रोज 14 ट्रक निघायला पाहिजेत आणि निघतात 7, पण सातही गच्च भरलेले आहेत. नाक्यावरचा माणूस फक्त ताडपत्री उचलून बघतो आणि लिहितो, भरलेला, भरलेला, भरलेला. ट्रक किती आले ते त्याच्या वहीत नाही, आणि पुढे बाजारापर्यंत पोचले की घाटात अडकले ते पण नाही. तसंच हे 97.

हिशोबच करून दाखवते. 1 ग्रॅम हिमोग्लोबिन पूर्ण भरलं तर साधारण 1.34 मिली ऑक्सिजन उचलतं. तुमच्या पोराचं 7, म्हणजे 7 गुणिले 1.34 गुणिले 0.97, दर 100 मिली रक्तात आले साधारण 9 मिली. त्याच्याच वयाच्या 14 हिमोग्लोबिनवाल्या पोराचं मशीन पण 97 दाखवेल पण त्याच्या रक्तात असतो 18 मिली. आकडा तोच, माल अर्धा. आणि तुमच्या सासऱ्यांचं करा, साडेसतरा गुणिले 1.34 गुणिले 0.86, 20 मिली येतं! 86 वाल्या आजोबांच्या रक्तात 97 वाल्या नातवाच्या दुपटीहून जास्त ऑक्सिजन आहे. म्हणून मी म्हणते नुसतं बोटाचं मशीन बघून कोणाला आळशी ठरवू नका. पोरगं दोन जिने चढून बसतं कारण प्रत्येक पायरीला त्याच्या हृदयाला दुप्पट फेऱ्या माराव्या लागतात.

(आजोबांचं बरं चाललंय असा अर्थ काढू नका. फुफ्फुसात हवा नीट मिसळत नाही म्हणून त्यांच्या शरीराने किडनीमार्फत निरोप पाठवून लाल पेशी वाढवल्यात, त्याने रक्त दाट होतं, ते ढकलताना हृदयाच्या उजव्या बाजूवर ताण येतो, पाय सुजतात. सुजले तर दाखवा. आणि मशीनचा फ्लो डॉक्टरांनी ठरवून दिलाय तेवढाच ठेवा, आज जास्त धाप लागली म्हणून घरच्या घरी वाढवू नका, अशा छातीत जास्त ऑक्सिजनने कार्बन डायऑक्साइड साठून माणूस गुंगीत जाऊ शकतो.)

म्हणून ते मशीन पोराला लावायचं नाही. त्याचे ट्रक भरलेलेच आहेत, वरून अजून माल ओतून काय होणार? आणि सिकलच्या पेशंटला गरज नसताना दिवसेंदिवस ऑक्सिजन दिला तर शरीराला वाटतं की भरपूर आहे, आणि नव्या लाल पेशी बनवणं मंदावतं, म्हणजे उलटंच. क्रायसिसमध्ये, म्हणजे होळीनंतर उठलं तसं अचानक जोराचं दुखणं उठतं तेव्हा, मशीनचा आकडा खरंच खाली आला तर दवाखान्यात देतात, ते वेगळं.

पण ट्रक कमी असणं ही अर्धी गोष्ट झाली, नुसता ॲनिमिया असता तर पोरगं फक्त थकलं असतं, खुबा दुखायचं कारण नव्हतं. उरलेली अर्धी गोष्ट मी डोळ्यांनी बघितली तेव्हा मला कळली. नोकरीच्या सुरुवातीची वर्षं, सातपुड्याच्या पायथ्याचा दवाखाना. आमच्या लॅबवाल्या भाऊंनी एका पोरीच्या बोटातून थेंब घेतला, काचेवर औषधाच्या थेंबात मिसळला, वर पातळ काच ठेवली आणि कडा बंद केल्या म्हणजे आत हवा जायला नको. ते औषध रक्तातला ऑक्सिजन ओढून घेतं. म्हणाले, बघा सिस्टर. मी बघितलं, सगळ्या पेशी गोल, भाकरीसारख्या, काही वेगळं नाही. म्हणाले, आता वॉर्डात फेरी मारून या. अर्ध्या-पाऊण तासाने आले आणि परत डोळा लावला तर त्याच पेशी लांबट, टोकदार, कोणी विळ्यासारखी, कोणी गव्हाच्या दाण्यासारखी, एकमेकींत अडकून पडलेल्या. मला काटा आला अंगावर. म्हणजे रक्त एरवी चांगलंच असतं, ऑक्सिजन सोडून दिला की हिमोग्लोबिन आतल्या आत दोरखंडासारखं जुळून बसतं आणि पेशीला वाकवतं. परत ऑक्सिजन मिळाला तर बऱ्याच पेशी गोल होतात, पण असं वाकणं-सरळ होणं पुन्हा पुन्हा झालं की काही कायमच्या वाकड्या राहतात आणि लवकर फुटतात. साधी लाल पेशी 120 दिवस जगते, ही 10 ते 20 दिवस. म्हणून हिमोग्लोबिन 7. आणि डोळ्यांत पिवळेपणा दिसतो तो पण त्यामुळेच, दर वेळी कावीळ म्हणून झाडपाला देऊ नका.

आता ठिबक आठवा. मोटर चालू आहे, फिल्टरजवळचं प्रेशर मीटर छान काटा दाखवतंय, आणि शेवटच्या ओळीतली झाडं माना टाकतायत. का? ड्रिपर चोक. मीटर खोटं बोलत नाही, ते फक्त त्याच्या जागेचं सांगतं. शरीरातल्या सगळ्यात बारीक रक्तवाहिन्या लाल पेशीपेक्षाही अरुंद असतात, साधी पेशी अंग चोरून, लवून पार होते, वाकलेली कडक पेशी तिथे अडकते, तिच्यामागे दुसरी अडकते, पुढचा भाग कोरडा पडतो, ऑक्सिजन अजून कमी होतो, त्यामुळे अजून पेशी वाकतात. असं ते चक्र. आणि जिथे मुळातच पाणी कमी पोचतं ती ओळ आधी सुकते, तसे काही अवयव आधी बोलायला लागतात.

तुमच्या पोराचं सगळ्यात आधी बोलली असेल ती किडनी, पण तिचं कोणी ऐकलं नसेल. किडनीला रक्त भरपूर मिळतं, हृदयातून निघालेल्या रक्ताचा जवळपास पाचवा हिस्सा, पण तिचा आतला गाभा मात्र नेहमीच कमी ऑक्सिजनवर चालतो, त्यात तिथे रक्त दाट होतं आणि आम्लपणाही जास्त. पेशी वाकायला लागतं ते सगळं एका जागी. लघवी घट्ट करायचं, म्हणजे पाणी वाचवायचं काम हाच गाभा करतो. तो लहानपणीच बारीक बारीक मार खातो आणि ते काम जमेनासं होतं. मग पाण्यासारखी पांढरी लघवी, पुष्कळ, दिवसा-रात्री सारखीच. सकाळची पहिली लघवी एका काचेच्या बाटलीत घेऊन बघा, आपली पिवळी असते, त्याची बहुतेक पाण्यासारखी दिसेल. ताई, 14 वर्षांचं पोरगं अंथरूण ओलं करतं ते आळसाने नाही आणि भीतीनेही नाही, रात्रीत एवढं पाणी तयार होतं की मूत्राशयात मावत नाही. त्याने संध्याकाळनंतर पाणी बंद केलंय हे वाचून मला फार वाईट वाटलं, कारण लाजेपायी तो आपल्याच रक्ताला दाट करतोय, किडनी तर पाणी फेकतच राहते, आणि दाट रक्तात पेशी लवकर वाकतात. पाणी सुरू करा. दिवसभरात अडीच-तीन लिटर, आपल्याकडच्या एप्रिल-मेच्या उन्हात त्याहून जास्त. झोपायच्या आधी लघवीला पाठवा, गृहपालांना सांगून रात्री दोनदा उठवायला लावा, अंथरुणाखाली रबरशीट घाला. आणि वर्षातून एकदा लघवीतलं प्रोटीन आणि क्रिएटिनिन (किडनीने गाळून टाकायचा कचरा) तपासा, किडनीच्या डॉक्टरचा कागद त्यासाठी आहे, पोराची किडनी गेली म्हणून नाही.

मग खुबा. मांडीच्या हाडाचं वरचं टोक, खुब्यात फिरतो तो गोळा, त्याला रक्त पुरवणाऱ्या वाहिन्या मोजक्या आणि बारीक, एक बंद झाली तर दुसरी वाट नसते. हृदयाची नळी बंद झाली की आपण अटॅक आला म्हणतो, इथे अटॅक हाडाला येतो, हाडाचा तो भाग मरतो आणि वजन पडून पडून हळूहळू चपटा होतो. दोन महिने लंगडतोय म्हटल्यावर मला हीच शंका आहे. सुरुवातीला एक्सरे चांगला येतो बरं का, आणि घरचे निश्चिंत होतात, म्हणून एक्सरेवर थांबू नका, एमआरआय सांगतात का विचारा. लवकर कळलं तर वजन कमी टाकून, काठी वापरून, व्यायामाने तो गोळा वाचवायचा प्रयत्न करता येतो. तोपर्यंत कबड्डी बंद, डोक्यावर-पाठीवर ओझं बंद. कोणाकडून खुबा बसवून घेऊ नका, जोरात मालिश नको, हे हात जोडून सांगते.

क्रायसिसचं दुखणं पण हाच प्रकार, हाडातल्या मज्जेला ऑक्सिजन न मिळाल्याचं. अक्राणीकडची एक आजी मला म्हणाली होती, "माय, पोऱ्या म्हनस, मन्हा हाडे कोनी कुटी ऱ्हायना आशे वाटस." म्हणजे, पोरगं म्हणतं माझी हाडं कोणी कुटतंय असं वाटतं. याच्याइतकं नेमकं मला कुठल्या पुस्तकात मिळालं नाही. सूज नसते, जखम नसते, मशीन 97 दाखवतं, म्हणून लोकांना नाटक वाटतं. मी पण एकदा, नवीन असताना, एका पोराला वॉर्डात म्हटलं होतं की एवढं ओरडू नको, काही झालं नाहीये तुला. त्याने तोंडात चादर धरली आणि रात्रभर आवाज नाही केला. ते चित्र माझ्या डोळ्यांसमोरून जात नाही. दुखतंय म्हणाला तर दुखतंय. पाणी, गरम शेक, पॅरासिटामॉल, पांघरूण, आणि कमी झालं नाही तर दवाखाना, तिथे सलाईन आणि जास्त ताकदीचं दुखण्याचं औषध देतात. मेडिकलमधून दुखण्यावरच्या डायक्लोफेनॅकच्या गोळ्या आणून सारख्या देऊ नका, त्या किडनीवर बसतात आणि त्याची किडनी आधीच दमलेली आहे. थंड पाण्याच्या पिशव्या तर अजिबात नाही, थंडीने वाहिन्या आक्रसतात. होळीला झालं ते पण असंच, रात्रभर नाच, जागरण, घाम, पाणी नाही, पहाटेचा गारठा. होळी बंद करा असं मी म्हणणार नाही, पोराने नाचावं, पण तासातासाने पाणी, मध्ये बसणं, पहाटे स्वेटर, आणि ताडी-महूची दारू कोणी लाडाने पाजली तर नको. शाळेची सहल तोरणमाळला गेली तर यशवंत तलावात उतरायचं नाही.

बाकीचे अवयव पटपट सांगते. प्लीहा, म्हणजे डाव्या बरगडीखालची पानथरी, वाकड्या पेशी गाळून गाळून निकामी होते, मग जंतूंशी लढायचं एक ठाणं गेलं. म्हणून त्याला न्यूमोकॉकलची, म्हणजे न्यूमोनियाच्या जंतूवरची लस लागते, झालीये का बघा, आणि ताप 101 च्या वर गेला तर घरी गोळी देऊन रात्र काढू नका, त्याच रात्री न्या. डोळ्याच्या पडद्यावरच्या वाहिन्या अगदी बारीक, दिसायला सगळं नीट असतं तोवरच वर्षाला एकदा पडदा तपासायचा. मेंदू शरीराच्या वजनाच्या 2 टक्के पण ऑक्सिजन 20 टक्के खातो आणि साठा काहीच ठेवत नाही, सिकलच्या लहान पोरांना पण लकवा होऊ शकतो, 16 वर्षांपर्यंत डोक्याच्या रक्तवाहिन्यांची टीसीडी नावाची सोनोग्राफी करतात, जिल्ह्याच्या ठिकाणी चौकशी करा. हृदयाचं वेगळंच आहे, बाकी शरीर आलेल्या ऑक्सिजनातला सरासरी चौथा हिस्सा वापरतं, हृदयाचा स्नायू मात्र आरामातसुद्धा 70 टक्क्यांच्या आसपास काढून घेतो, त्याच्या हाताशी शिल्लक फार नाही, आणि त्यालाच सगळ्यांसाठी जास्त पळावं लागतं, म्हणून हळूहळू मोठं होतं. त्याची इको, म्हणजे हृदयाची सोनोग्राफी, करून ठेवा.

छातीचं मात्र थांबून सांगते कारण यात पोरं जातात. ताप, खोकला, छातीत दुखणं, धाप, हे क्रायसिसमध्ये किंवा नंतर दोन-तीन दिवसांत दिसलं तर ते फुफ्फुसात अडकलेलं असू शकतं. फुफ्फुस म्हणजे ट्रक भरायची जागा, तिथेच अडकलं की सगळ्या शरीरातल्या पेशी एकदम वाकायला लागतात. इथे तुमचं बोटाचं मशीन खरं कामाला येतं. पोरगं बरं असताना चार-पाच वेळा मोजून वहीत लिहून ठेवा, त्याचं नेहमीचं 97 असेल आणि एखाद्या दिवशी 94 किंवा त्याखाली भरलं तर गाडी काढायची, सकाळची वाट बघायची नाही. एक बाजू लुळी पडली, तोंड वाकडं झालं, बोलणं जड झालं, अचानक पांढराफटक पडून डावीकडे पोट फुगलं, तरी तसंच. आणि एक गोष्ट मुलग्यांना कोणी सांगत नाही, लिंग ताठ होऊन दुखत राहिलं, दोन तासांत उतरलं नाही तर लाजायचं नाही, दवाखाना. तिथे पण रक्तच अडकलेलं असतं. त्याच्या बाबांना बोलायला सांगा.

औषधाचं विचारलं नाहीत तुम्ही पण मला विचारायचंय, हायड्रॉक्सीयुरिया चालू आहे का? या कॅप्सूलने बाळपणीचं हिमोग्लोबिन, एचबीएफ, वाढतं, आणि ते असलं की पेशी सहजासहजी वाकत नाही. सरकारी दवाखान्यात मिळतं. गुण यायला तीन ते सहा महिने लागतात, मध्ये मध्ये सीबीसी (रक्तातल्या पेशींची मोजणी) करावी लागते, आणि दोन आठवड्यांत काही फरक नाही म्हणून बंद करणारे मी खूप पाहिलेत. सोबत फॉलिक ॲसिड रोज. लोहाच्या गोळ्या मात्र हिमोग्लोबिन 7 दिसलं की सरसकट देऊ नका, त्याच्या पेशी फुटून लोह शरीरातच राहतं, तपासून कमी निघालं तरच.

सासूबाईंना माझा नमस्कार सांगा आणि हे वाचून दाखवा. एसएस पोरगं होतं तेव्हा सिकलचा एक भाग आईकडून आलेला असतो आणि एक बापाकडून. तुम्ही दोघंही एएस (एक भाग साधा, एक सिकलचा) असाल, म्हणजे तुमच्या माहेरून जेवढं आलं तेवढंच त्यांच्या घरातून आलं. अशा जोडप्याला प्रत्येक खेपेला 25 टक्के शक्यता एसएसची, 50 टक्के एएसची, 25 टक्के एकदम साफ. धाकट्या भावंडांची तपासणी झाली नसेल तर करून घ्या, 1 जुलै 2023 ला सरकारने सिकलसेलचं राष्ट्रीय मिशन सुरू केलंय, 40 वर्षांपर्यंतच्या लोकांची तपासणी त्यात आहे. एएस निघालं म्हणजे आजारी नाही, फक्त पुढे लग्न जमवताना समोरच्याचाही रिपोर्ट बघायचा. 2016 च्या दिव्यांग कायद्यात सिकलसेल आहे, त्याचं प्रमाणपत्र काढा, परीक्षेत आणि पुढे शिक्षणात कामाला येईल. एसटीत पण सवलत आहे, आगारात विचारा म्हणजे दर महिन्याच्या चकरांचा खर्च वाचेल.

शाळेत स्वतः जा, फोनवर नका सांगू. वर्गात पाण्याची बाटली जवळ ठेवायला आणि विचारल्याशिवाय लघवीला जायला परवानगी, खालच्या मजल्यावर वर्ग आणि झोपायची जागा, थंडीत आंघोळीला गरम पाणी, पीटीच्या तासाला त्याला वाटेल तेव्हा बसायची मुभा, एवढं मागा. सर आळशी म्हणाले तर भांडू नका, तो 9 आणि 18 चा हिशोब त्यांना कागदावर करून दाखवा, शिक्षक माणसाला आकडे पटतात. खुब्याचा रिपोर्ट आला की मला परत लिहा, आणि दोन लिटरची बाटली या रविवारच्या बाजारातच घ्या, झाकणाला दोरी असलेली, म्हणजे लंगडत चालताना हातात धरावी लागणार नाही.